मनोविश्लेषण आणि जोगतिणीची जट

मराठी समीक्षेला फ्रॉइडचा परिचय होऊन पुष्कळ काळ लोटला आहे. दमन, नेणीव, गंड, उदात्तीकरण हे शब्द आमच्या अध्यापनात रुळले आहेत. परंतु त्यांचा उपयोग बहुधा एकाच रीतीने होत आला. एखादे पात्र घ्यावयाचे, त्याच्या वर्तनामागे कोणती कामप्रेरणा दडपली गेली आहे ते दाखवावयाचे, आणि तेवढ्याने उलगडा झाला असे मानावयाचे. ही रीत कोठवर पुरी पडते हे पाहण्यास राजन गवस यांच्या ‘चौंडकं’ (१९८५) आणि ‘भंडारभोग’ (१९८८) या कादंबऱ्यांइतकी चांगली कसोटी आम्हांस दुसरी दिसत नाही.

दोन्ही कादंबऱ्यांचे जग गडहिंग्लज, निपाणी, संकेश्वर, बेळगाव या पट्ट्यातील आहे. येथून निघालेली यात्रा बेळगाव जिल्ह्यातील सौंदत्तीच्या डोंगरावर यल्लम्मेच्या, म्हणजेच रेणुकेच्या, दर्शनाला जाते. प्रांतांची सीमा या वाटेवर कधीच जाणवलेली नाही. देवीला मराठी आणि कानडी दोन्ही कळतात. ‘चौंडकं’मधील सुली या मुलीच्या केसांत जट होते. जट म्हणजे देवीचे बोलावणे, असा लोकांचा समज. मुलगी देवीला सोडली जाते, आणि मग तिला कोणाचीही बायको होता येत नाही. ‘भंडारभोग’मधील तायाप्पाला लुगडे नेसवून जोगता केले जाते. बेळगाव मुंबई प्रांतात असताना १९३४ साली या प्रथेविरुद्ध कायदा झाला, पुढे कर्नाटकाने १९८२ साली दुसरा केला. प्रथा मात्र केवळ कायद्याने हटली नाही. तिचे मूळ कशात आहे, हा प्रश्न म्हणूनच महत्त्वाचा ठरतो.

फ्रॉइडने १९०८ साली सुसंस्कृत समाजाची लैंगिक नीती आणि आधुनिक मनोविकार यांवर एक निबंध लिहिला. नीती कामप्रेरणेचे दमन करते आणि त्या दमनाची किंमत व्यक्ती मनोविकाराच्या रूपाने मोजते, हे त्याचे मुख्य सूत्र. पण त्याच निबंधातील दुसरा एक विचार आम्हांस अधिक मोलाचा वाटतो. पुरुषाला एक नियम आणि स्त्रीला दुसरा, अशी दुहेरी नीती जो समाज चालवितो, तो आपले नियम पाळणे शक्य नाही याची कबुलीच देत असतो, असे फ्रॉइड म्हणतो. सौंदत्तीच्या वाटेवरील गावांत ही कबुली संस्थेचेच रूप घेते. येथे वासनेचे दमन होत नाही, तिची वाटणी होते. चार घरांचे सोवळे टिकावे म्हणून पाचव्या घरची मुलगी देवीच्या नावाने मोकळी ठेवली जाते. आणि ते पाचवे घर बहुधा गावकुसाजवळचे, दलिताचे वा दरिद्र्याचे असते.

आता जटेचा विचार करू. केसांचा आणि कामवासनेचा संबंध मनोविश्लेषकांनी फार पूर्वी सांगितला. १९५८ साली मानवशास्त्रज्ञ एडमंड लीच यांनी त्यावर आक्षेप घेतला की, सार्वजनिक प्रतीकावरून व्यक्तीच्या मनाचे अनुमान काढता येत नाही. १९८१ साली गणनाथ ओबेयसेकेरे यांनी श्रीलंकेतील कतरगामच्या जटाधारी स्त्रियांचा अभ्यास करून उत्तर दिले: या जटा त्या स्त्रियांच्या वैयक्तिक दुःखातूनच उगवतात, आणि मग समाज त्यांना अर्थ देतो. हा सिद्धांत सुलीला लावून पाहावा. कतरगामच्या स्त्रिया प्रौढ आहेत, संसाराचा ताप भोगून त्या देवाकडे वळल्या आहेत. सुलीचे तसे नाही. तिच्या केसांची गुंतवळ कशानेही होवो, तिला अर्थ देणारे मन तिचे नव्हे. शिवाय लीच यांच्या मांडणीत जट हे वैराग्याचे चिन्ह ठरते. संन्याशाच्या मस्तकी ती तशीच वाचली जाते, आणि गरीब मुलीच्या मस्तकी मात्र गाव तिचा नेमका उलटा अर्थ लावते. एकाच चिन्हाचे असे दोन अर्थ जेथे होतात, तेथे शोधावयाची नेणीव मुलीची नसून गावाची असते.

तायाप्पाच्या बाबतीत मोह अधिक मोठा आहे. कलकत्त्यास १९२२ साली भारतीय मनोविश्लेषण संस्था स्थापन करणाऱ्या गिरींद्रशेखर बोस यांनी १९२९ साली फ्रॉइडला कळविले होते की, स्त्री होण्याची इच्छा भारतीय पुरुष रुग्णांत युरोपियांपेक्षा सहज आढळते. हे निरीक्षण मार्मिक आहे. पण तायाप्पाचे लुगडे हे त्याच्या इच्छेचे वस्त्र नाही. ते त्याच्यावर लादले गेले आहे. तेथे बोस यांचे सूत्र लावणे म्हणजे सक्तीला इच्छा म्हणणे होय.

मग मनोविश्लेषण येथे निरुपयोगी काय? आम्हांस तसे वाटत नाही. रेणुकेची कथाच पाहावी. महाभारताच्या वनपर्वात चित्ररथाला पाहून रेणुकेचे मन क्षणभर चळते. जमदग्नी तिच्या वधाची आज्ञा देतो. चार पुत्र ती मानीत नाहीत आणि शाप भोगतात. परशुराम ती पाळतो. पिता प्रसन्न झाल्यावर पुत्र जे वर मागतो, त्यांत आई जिवंत व्हावी एवढेच नाही, तर तिला वधाची आठवण राहू नये हेही आहे. दमनाची कल्पना याहून स्पष्ट कोणत्या पुराणात सांगितली असेल? आमच्या मते देवीच्या नावाने चालणारी ही प्रथा त्या विस्मृतीच्या वरावरच उभी आहे. फरक एवढाच की, तो वर गावाने स्वतःसाठी मागून घेतला आहे. रांडाव पुनवेला बांगड्या फोडणाऱ्या जोगतिणीला काहीच विसरता येत नाही.

या कादंबऱ्यांचे खरे बळ त्या हा वर मोडतात यात आहे. सीमाभागाच्या बोलीत, उपदेशाचा स्वर न लावता, त्या गावाला आठवण करून देतात. दोषही नाही असे नाही. विधींचे तपशील काही ठिकाणी कथनास जड होतात. आणि ज्या सुस्थित घरांच्या सोयीसाठी हे सारे चालते, त्यांच्या अंतरंगात लेखक फारसा शिरत नाही. विस्मृतीचे खरे ठिकाण तेच असल्यामुळे ही उणीव आम्हांस जाणवते.

या कादंबऱ्या शिकविणाऱ्या अध्यापकांस शेवटी एवढेच सुचवावेसे वाटते. ‘अंधश्रद्धा’ हा एकच शब्द उच्चारून प्रश्न मिटवू नये, आणि जटेचे कारण सुलीच्या मनात शोधण्याची विद्वत्ताही दाखवू नये. गावाने आपला भार त्या मुलीच्या मस्तकावर ठेवला. समीक्षेने तो तेथेच ठेवला, तर तिने गावाचेच काम पुढे चालविले असे होईल.