चतुःसीमा : नगरच्या मतदारसंघांचे एक वाचन

जमिनीच्या खरेदीखतात चतुःसीमा लिहायची पद्धत जुनी आहे. पूर्वेस अमक्याचे शेत, पश्चिमेस ओढा, दक्षिणेस गाडीवाट, उत्तरेस गावठाण. चार ओळींत मालमत्ता बांधून होते. या चार ओळींवरून कोर्टकचेऱ्या होतात, भाऊबंदकी पेटते, पिढ्या जातात. म्हणून सामान्य शेतकरीही त्या डोळ्यांत तेल घालून वाचतो. मात्र त्याच शेतकऱ्याचे मत ज्या चतुःसीमेत बांधले जाते, ती त्याने कधी वाचलेली नसते. आपल्या वाङ्मयीन अभ्यासकांनीही ती वाचलेली नाही. मराठीत राजकीय कादंबरी आहे आणि आत्मचरित्रे तर, विशेषतः आमच्या सहकारी साखर कारखान्यांच्या जिल्ह्यात, चांगली भरघोस आहेत. त्यांत माणसे आहेत, कट आहेत, पाडापाडी आहे. ज्या पटावर हे सारे घडते तो पट कोणी आखला याविषयी मात्र त्यांत फार थोडे सापडते.

म्हणून या लेखात मी दोन सरकारी मजकूर वाङ्मय म्हणून वाचायला घेतले आहेत. पहिला, न्यायमूर्ती कुलदीप सिंग यांच्या अध्यक्षतेखालील परिसीमन आयोगाचा महाराष्ट्रासाठीचा आदेश. २००८ साली तो अमलात आला आणि २००९ पासूनच्या सर्व लोकसभा-विधानसभा निवडणुका त्यावर झाल्या. दुसरा, आमच्या महापालिकेच्या प्रभागरचनेची अधिसूचना. ती दर पाच वर्षांनी नव्याने निघणे अपेक्षित असते.

आयोगाच्या आदेशात वाक्येच नाहीत. मतदारसंघाचा क्रमांक, नाव, आणि समोर त्याची व्याप्ती : अमुक तालुका, किंवा अमुक तालुका व कंसात ‘भाग’, मग महसूल मंडळांची नावे. क्रियापद नाही, कर्ता नाही. कोणी ठरवले, का ठरवले, दुसरा कोणता पर्याय समोर होता, यांतले काहीही नाही. निवाडा आहे आणि कारणमीमांसा गाळलेली आहे. न्यायालयाने असा निकाल दिला असता तर वरच्या न्यायालयात तो टिकला नसता. इथे मात्र वरचे न्यायालयच नाही. राज्यघटनेच्या कलम ३२९ने परिसीमनाचा कायदा आव्हानापलीकडे ठेवला आहे आणि आयोगाचा आदेश एकदा राजपत्रात आला की त्याला कायद्याचेच बळ मिळते. उज्जैनच्या मेघराज कोठारी यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९६६ साली हे पक्के केले. त्यामागचे कारणही समजण्यासारखे आहे : प्रत्येक सीमेवर दावे चालू राहिले तर निवडणूक कधीच व्हायची नाही. ते मला पटते. पण दाद मागता येत नाही, म्हणून कारणही सांगायचे नाही, हे मात्र पटत नाही.

या आदेशातला सर्वांत वजनदार शब्द कोणता, असे मला विचाराल तर मी कंसातल्या ‘भाग’कडे बोट दाखवीन. नगर तालुका आदेशात चार ठिकाणी येतो : अहमदनगर शहर, राहुरी, पारनेर आणि श्रीगोंदा. चारही ठिकाणी तो ‘भाग’ आहे. पूर्ण असा तो कुठेच नाही.

हे कसे झाले ते समजण्यासाठी थोडे गणित करावे लागते. ते कंटाळवाणे नाही. १९७१च्या जनगणनेत महाराष्ट्राची लोकसंख्या ५ कोटी ४ लाख होती. २८८ जागांनी भागली तर एका आमदारामागे साधारण १ लाख ७५ हजार माणसे येतात. तेव्हाच्या अहमदनगर जिल्ह्याची लोकसंख्या २२ लाख ६९ हजार. भागाकार येतो १२.९६. म्हणून जिल्ह्याला १३ जागा. त्यानंतर आणीबाणीतल्या ४२व्या घटनादुरुस्तीने जागांचे वाटप गोठवले आणि १९७८ ते २००४ या सगळ्या विधानसभा १९७१च्या शिरगणतीवर निवडल्या गेल्या. पुढे २००१च्या जनगणनेवर रचना बदलायची ठरली, तेव्हा राज्याची लोकसंख्या ९ कोटी ६९ लाख आणि सरासरी ३ लाख ३६ हजारांवर गेली होती. जिल्हा ४० लाख ४० हजार. भागाकार १२.०१. म्हणजे जिल्हा वाढला खरा, पण मुंबई-पुणे-ठाण्याच्या वेगाने नाही. त्यामुळे एक जागा गेली.

इथपर्यंत कोणावरही संशय घ्यायचे कारण नाही. आमच्याकडे चहाच्या टपरीपासून वकिलांच्या बाररूमपर्यंत ‘अमक्याला पाडायला तालुका फोडला’ ही कथा गेली सोळा-सतरा वर्षे सांगितली जाते. प्रत्येक गटाचा ‘अमका’ वेगळा असतो, यावरूनच तिची किंमत कळावी. एक जागा जाणारच होती. पण कोणती जागा जाणार हे भागाकार सांगत नाही. तिथे गणित थांबते आणि माणसाचा हात सुरू होतो. माझा सगळा आक्षेप या जागेवर आहे.

जुन्या १३ जागांशी नव्या १२ ताडून पाहा. ‘पाथर्डी’ हे नाव गेले. तो तालुका मुख्यतः शेवगाव मतदारसंघात आला. लोक त्याला हट्टाने ‘शेवगाव-पाथर्डी’ म्हणतात, आदेशात नुसते शेवगाव आहे. जुन्या यादीत नावाने नसलेले नेवासे नव्या यादीत आले. नगरच्या दोन जागा होत्या, दक्षिण आणि उत्तर. ढोबळमानाने दक्षिण म्हणजे शहर आणि उत्तर म्हणजे तालुक्यातली गावे, असेच आमच्याकडे मानले जाई. दक्षिणची ‘अहमदनगर शहर’ झाली, उत्तर नाहीशी झाली. तेरातून दोन वजा, एक अधिक, बारा. हिशेब जुळला आणि ज्या तालुक्यात जिल्ह्याचे ठाणे आहे त्याच्या गावांना स्वतःचा आमदार उरला नाही.

शहराच्या बाजूने पाहिले तर ही रचना अगदी सरळ दिसते. २००१ साली महापालिका हद्दीत ३ लाख ७ हजार माणसे होती. भिंगार छावणीची वस्ती त्यात मिळवली की आकडा राज्याच्या सरासरीजवळ जातो. पुरा एक मतदारसंघ आयता तयार! परिसीमनाच्या कायद्यात सलग भूभाग, प्रशासकीय हद्दी, दळणवळणाची सोय, लोकांची सोय हे निकष आहेत, आणि शहरापुरते ते चोख पाळलेले दिसतात. उरलेल्या गावांना मात्र शेजारच्या तालुक्यांच्या झोळीत टाकले गेले. कोणाची लोकसंख्या किती कमी पडते ते पाहून तेवढी मंडळे तिकडे. माप भरायला शेवटी मूठभर धान्य टाकावे, तसे.

याचा अर्थ वाळकीच्या किंवा जेऊरच्या माणसाच्या आयुष्यात काय होतो? त्याचे तहसील कार्यालय नगरमध्ये, पंचायत समिती नगरची, बाजार नगरचा, दवाखाना नगरचा, मुलांचे कॉलेज नगरचे. आमदार मात्र वाळकीचा श्रीगोंद्याचा आणि जेऊरचा राहुरीचा. खासदार तेवढा सगळ्यांना एक, कारण विधानसभेचा मतदारसंघ लोकसभेच्या दोन मतदारसंघांत विभागता येत नाही, असे कायदाच सांगतो. एका तालुक्याच्या आढावा बैठकीला तीन आमदार हक्काने बसू शकतात. तालुका तिघांचाही आहे आणि तिघांपैकी एकाचेही मताधिक्य केवळ त्यावर अवलंबून नाही. पाण्याच्या आवर्तनाचा, रस्त्याच्या क्रमाचा, रोहित्राचा प्रश्न आला की हा फरक कळतो. राजकारण्यांना तो सर्वांत आधी कळतो. उत्तरेचे आमदार राहिलेले शिवाजी कर्डिले २००९ला राहुरीतून उभे राहिले आणि निवडून आले. दक्षिणेतून १९९०पासून सलग निवडून येणारे अनिल राठोड त्याच वर्षी ‘शहरा’चे आमदार झाले. सीमा हलली तशी माणसे हलली. मतदाराला हलता येत नाही.

नगर तालुका एकटाच असा नाही. संगमनेर तालुक्यातले आश्वी-जोर्वे शिर्डी मतदारसंघात आहे. राखीव जागांचेही असेच सरकणे झाले. जुना कर्जत मतदारसंघ अनुसूचित जातींसाठी राखीव होता. नवा कर्जत-जामखेड खुला झाला आणि राखीव जागा श्रीरामपूरला आली. लोकसभेचा कोपरगाव मतदारसंघ नाव बदलून शिर्डी झाला आणि राखीवही झाला. कर्जतहून विधानसभेवर जाणारे सदाशिव लोखंडे पुढे २०१४ला शिर्डीचे खासदार झाले, हे त्या सरकण्याचे चालते-बोलते उदाहरण. राखीव जागा, अनुसूचित जातींचे प्रमाण जास्त असलेल्या पण राज्याच्या वेगवेगळ्या भागांत असाव्यात, असे कायदा म्हणतो. तत्त्व रास्त आहे. पण लोकसभा-विधानसभेला ठरलेले फेरे नाहीत. पुढचे परिसीमन होईपर्यंत जागा राखीव म्हणजे राखीवच, आणि खुली म्हणजे खुलीच. कर्जतच्या दलित कार्यकर्त्याला हे कोणी समजावून सांगितले असेल असे वाटत नाही.

आता दुसरा मजकूर. महापालिकेच्या प्रभागाच्या अधिसूचनेची भाषा आयोगाच्या आदेशापेक्षा कितीतरी जिवंत आहे. इथे खरेदीखताची चतुःसीमा परत भेटते : उत्तर, पूर्व, दक्षिण, पश्चिम, अमुक चौकापासून तमुक ओढ्यापर्यंत, तिथून रस्त्याने अमक्या मंदिरापर्यंत. रचना उत्तरेपासून सुरू करायची, ईशान्य, मग पूर्व, असे नागमोडी जात दक्षिणेला संपवायची, नदी-नाले-मोठे रस्ते-रेल्वे यांचा मान राखायचा, जनगणनेचा प्रगणक गट शक्यतो फोडायचा नाही, लोकसंख्या सरासरीच्या दहा टक्क्यांपलीकडे जाऊ द्यायची नाही, असे नियम आहेत. चांगले नियम आहेत. एकेकाळी या शहराला निजामशाहीतला तट होता, वेशी होत्या. दिल्ली दरवाजा अजून उभा आहे. झेंडीगेट, मंगलगेट ही नावे माणसांच्या तोंडात आहेत. आत कोण आणि बाहेर कोण हे तटाच्या काळी डोळ्यांना दिसे. प्रभागाचा तट फक्त कागदावर दिसतो, आणि तो हलतो.

किती हलतो? २००३ साली नगरपालिकेची महापालिका झाली. २००८च्या निवडणुकीत एका वॉर्डाचा एक नगरसेवक होता. २०१३ला एका प्रभागातून दोन. २०१८ला चार : १७ प्रभाग, ६८ जागा. २०११च्या जनगणनेप्रमाणे शहर साडेतीन लाखांचे, म्हणजे एका प्रभागात वीस-एकवीस हजार माणसे. या बदलांचे मूळ नगरमध्ये नाही. मुंबईत सरकार बदलले की सदस्यसंख्या बदलते, हा आपला राज्यधर्मच झाला आहे. महाविकास आघाडीने आधी एकसदस्यीय आणि मग २०२१ला बहुतेक महापालिकांसाठी तीन सदस्यांचा प्रभाग आणला, पुढच्या सरकारने २०२२ला पुन्हा चार. मॅसॅच्युसेट्सचे गव्हर्नर एल्ब्रिज गेरी यांच्या काळात, १८१२ला, एका मतदारसंघाचा आकार सरड्यासारखा वेडावाकडा झाला म्हणून अमेरिकेत त्यांच्या नावाचा शब्दच रूढ झाला. आपल्याकडे रेषा वाकडी करायची तेवढी गरज पडत नाही. माप बदलले की पुरते.

चार सदस्यांच्या प्रभागाबद्दल मी अनेकांशी वाद घातला आहे. समर्थक म्हणतात, मोठा प्रभाग म्हणजे गल्लीच्या दादाला चाप. थोडे खरे आहे. पण गल्लीतल्या प्रामाणिक कार्यकर्त्यालाही तोच चाप बसतो. एका वॉर्डात पाच हजार लोकांपर्यंत सायकलवर पोचणारा माणूस वीस हजारांपर्यंत पोचायला पॅनेल शोधतो, आणि पॅनेल पक्षाकडे असते. नाली तुंबली तर चौघांपैकी कोणाला फोन करायचा, हा विनोद सगळ्या शहरांत चालतो. त्यातली वेदना अशी की चौघेही एकमेकांचे नाव सांगू शकतात. २०१८ला शिवसेना २४ जागा घेऊन सर्वांत मोठा पक्ष झाली आणि महापौर १४ जागांच्या भाजपचा, राष्ट्रवादीच्या पाठिंब्यावर. तेव्हा सीमेला सगळे माप द्यायचे कारण नाही, हेही कबूल केले पाहिजे. मतमोजणीनंतर जे होते त्याला प्रभागाची हद्द लागत नाही.

त्या सभागृहाची मुदत डिसेंबर २०२३ला संपली आणि त्यानंतर प्रशासक आला. सर्वोच्च न्यायालयाने मे २०२५मध्ये निवडणुका घेण्याचा आदेश दिल्यावर राज्यभर प्रभागरचनेचे काम पुन्हा सुरू झाले. आमच्याकडे पुन्हा १७ आणि ६८. आधार २०११ची जनगणना, दुसरी उपलब्धच नाही. बोल्हेगाव-नागापूर, केडगाव, सावेडीच्या टोकाच्या वसाहती या चौदा वर्षांत कशा वाढल्या ते तिथून रोज जाणारा कोणीही सांगेल. अधिसूचनेत मात्र तिथली माणसे २०११ची आहेत. तेव्हा रिकामे असलेले प्लॉट आजही रिकामेच धरून समान लोकसंख्येचा नियम पाळला गेला आहे. आणि भिंगारची छावणी इथेही नाही. तिथला रहिवासी शहराचा आमदार निवडतो, शहराच्या महापालिकेत त्याला मत नाही; त्याचे छावणी मंडळ केंद्राच्या संरक्षण खात्याखाली. विधानसभेपुरता तो नगरकर.

पुढच्या जनगणनेची संदर्भतारीख १ मार्च २०२७ जाहीर झाली आहे. त्यानंतर परिसीमन होईल तेव्हा उत्तर-दक्षिण राज्यांचा मोठा वाद देशभर गाजेल. आमच्या तालुक्याचा प्रश्न त्यात कोणाच्या कानावर जाणार नाही. पण २०११चे आकडे आताच काही सांगतात. त्या जनगणनेत राज्याची सरासरी आमदारामागे ३ लाख ९० हजारांवर गेली आणि महापालिका हद्द साडेतीन लाखांवर राहिली. विधानसभेच्या जागा २८८च राहिल्या आणि हाच कल टिकला, तर शहराचे माप भरायला या वेळी गावे शहराकडे आणावी लागतील. म्हणजे २००८ला शहरापासून सोडवलेल्या काही गावांना परत बोलावणे येईल. जागा वाढल्या तर उत्तरेसारखा मतदारसंघ पुन्हा जन्मू शकतो. दोन्ही वेळा आयोगापुढे मसुद्यावर हरकती घेण्याची मुदत असेल, जनसुनावणी असेल. आयोगाचे सहयोगी सदस्य खासदार-आमदार असतात आणि त्यांना मताचा अधिकार नसतो. तेव्हा लेखी हरकत हेच मतदाराच्या हातातले खरे साधन. ती घ्यायची तर महसूल मंडळांची नावे आणि त्यांची लोकसंख्या तोंडपाठ हवी. नगर तालुक्याच्या ग्रामसभांनी हा तक्ता आतापासून करायला घ्यावा, अशी माझी सूचना आहे. ‘आमच्यावर अन्याय झाला’ एवढ्याने आयोग हलत नाही. ‘हे मंडळ इकडे घेतले तर दोन्ही मतदारसंघ सरासरीत बसतात’ असे दाखवले तर निदान वाचावे लागते.

नावाचे एक राहिले. ऑक्टोबर २०२४मध्ये जिल्ह्याचे आणि शहराचे नाव अधिकृतपणे अहिल्यानगर झाले. पुढच्याच महिन्यात विधानसभेचे मतदान झाले ते ‘२२५ - अहमदनगर शहर’ या मतदारसंघात. पाट्या बदलल्या, शिक्के बदलले, बसवरचे फलक बदलले. मतदारसंघ २००८च्या आदेशातल्या नावावर अडून आहे. या नावावर दोन्ही बाजूंनी इतके भांडण झाले, पण हा तपशील त्या भांडणात कोणी काढलेला माझ्या ऐकण्यात नाही.