‘नीरोज गेस्ट्स’ : पंगतीतील पाहुण्यांचा प्रश्न

रोमन इतिहासकार टॅसिटस याने एक भीषण प्रसंग नोंदवून ठेवला आहे. रात्रीच्या वेळी आपल्या उद्यानात उजेड पडावा म्हणून सम्राट नीरोने दंडित माणसांना जिवंत जाळले. पत्रकार पी. साईनाथ यांना या कथेत नीरोपेक्षा त्याचे निमंत्रित अधिक अस्वस्थ करतात. त्या उजेडात ज्यांच्या घशाखाली घास उतरला, ती माणसे कोणत्या मनाची असतील? हा प्रश्न हेच दीपा भाटिया यांच्या ‘नीरोज गेस्ट्स’ (२००९) या अनुबोधपटाचे बीज होय.

विदर्भातील कापूस-उत्पादकांच्या आत्महत्या हा येथील विषय. परंतु चित्रपटाचा नायक शेतकरी नव्हे, त्याच्या दाराशी जाणारा पत्रकार आहे. साईनाथ यांनी मांडलेली एक तुलना प्रसिद्धच आहे. २००६ साली मुंबईच्या फॅशन-सप्ताहास ५१२ पत्रकार लोटले. सुती वस्त्र हा त्या सोहळ्याचा विषय होता. तेथून विमानाने तासाभराच्या अंतरावर तो कापूस पिकविणारे मरत होते, आणि त्यांची वार्ता घ्यावयास गेलेले पत्रकार मात्र बोटांवर मोजण्याइतके! या बोलण्यात अलंकार नाही. महात्मा फुले यांनी १८८३ साली ‘शेतकऱ्याचा असूड’ ज्या हाताने उगारला, त्याच जातीचा हा फटकारा आहे.

तथापि एक उणीव जाणवते. शेतकरी येथे प्रामुख्याने भेटतो तो मृत्यूनंतर, मागे राहिलेल्यांच्या शब्दांतून. सरकी टोबणे, डवरणी, वेचणी, सावकाराकडील खेप, या ज्या क्रमाने माणूस खचत जातो तो क्रम आपणांस दिसत नाही. सदानंद देशमुख यांच्या ‘बारोमास’ (२००२) या कादंबरीने तो घराच्या आतून दाखविला. अनुबोधपट उंबरठ्याशी थांबतो. पण विचारान्ती वाटते, हे थांबणे प्रामाणिकपणाचे आहे. दिग्दर्शिका आतली असल्याचे सोंग घेत नाही. तिचा रोख पाहणाऱ्यांवर आहे.

तो रोख प्रस्तुत लेखकालाही चुकविता आला नाही. आमच्या सामरवरणीच्या परिसरात भातखाचरांच्या शेजारी कारखाने उभे राहिले; सिल्वासाच्या आसपास कृत्रिम धागा निघतो. कापूस पिकविणारा आमच्यापासून दूर, आणि भात पिकविणाऱ्याची मुले आमच्याच बाकांवर. त्यांच्याकडून मी वर्षानुवर्षे ‘शेतकरी : जगाचा पोशिंदा’ हा निबंध लिहवून घेतला. सुवाच्य अक्षराला गुण दिले, सुभाषितांना अधिक दिले. भाताला भाव काय मिळाला, घरी देणे किती, हे मी एकाही मुलाला विचारले नाही.

अनुबोधपटाची थोरवी त्याने दिलेल्या माहितीवर मोजावी, असे मानण्याची रीत आहे. ‘नीरोज गेस्ट्स’ मला वेगळ्या कारणाने थोर वाटतो. पंगतीतील आपले पान त्याने मला दाखविले. पुढील सत्रात निबंधाचा विषय मी बदलणार आहे : ‘आमच्या घरचा यंदाचा हिशेब’.