हे चित्रण नेमकं कशाचं?

सैनिक खंदकातून वर चढतात आणि एक जण घसरून मागे कोसळतो. 1916 च्या ‘द बॅटल ऑफ द सोम’ या ब्रिटिश युद्धपटातलं हे दृश्य पहिल्या महायुद्धावरच्या कितीतरी माहितीपटांत दिसतं. अभ्यासकांच्या मते ते रणांगणावरचं नाही, आघाडीच्या मागे मुद्दाम घडवून घेतलेलं आहे. तरी ते वापरलं जातंच, कारण खऱ्या चढाईचं इतकं थरारक चित्रण हाताशी नसतं.

हा मोह रोखणं हे फुटेज संशोधकाचं खरं काम. रिळं शोधणं आणि हक्क मिळवणं ही त्याची वरवर दिसणारी बाजू झाली. कॅमेरा कुणाचा होता, तारीख कोणती, मूळ फितीत या दृश्याच्या आधी-नंतर काय आहे, हे तपासल्याशिवाय दृश्य संकलकाच्या टेबलावर जाता कामा नये. जेरेमी आयझॅक्स यांच्या ‘द वर्ल्ड ॲट वॉर’ (1973) या 26 भागांच्या मालिकेचा दर्जा या काटेकोरपणामुळे टिकला आहे. रे फार आणि जॉन रो या तिच्या चित्रपट-संशोधकांचं श्रेय त्यात मोठं आहे.

भारतात हे काम त्याच्याही कितीतरी आधी झालं. ए. के. चेट्टियार यांनी देशोदेशी फिरून गांधीजींचं सुमारे 50,000 फूट चित्रण जमवलं आणि 1940 मध्ये तमिळ माहितीपट पूर्ण केला. एका माणसाने, सरकारी पाठबळाशिवाय, पारतंत्र्याच्या काळात केलेलं हे काम थक्क करणारं आहे.

त्या मानाने आजचं आपलं दूरचित्रवाणीचं चित्र निराशाजनक आहे. जुनी दृश्यं निवेदनामागची पोकळी भरायला लावली जातात. साल नाही, स्थळ नाही. ‘राजा हरिश्चंद्र’चंच पाहा. 1913 चा पहिला चित्रपट म्हणून जी दृश्यं सर्रास दाखवतात, ती फाळक्यांनी 1917 मध्ये पुन्हा केलेल्या आवृत्तीतली असावीत, असं काही चित्रपट-इतिहासकारांचं मत आहे. पडद्यावर या वादाची एक ओळ तरी यायला नको का?

दोष केवळ वाहिन्यांचा नाही. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयातली किंवा पूर्वीच्या फिल्म्स डिव्हिजनची सामग्री वापरायची तर वेळ हवा, पैसा हवा आणि जुन्या नोंदी वाचू शकणारा माणूस हवा. निर्मितीच्या अंदाजपत्रकात त्या माणसाची जागा बहुधा सर्वात शेवटी असते.

शिवाय काही वेळा त्याला ‘नाही’ असंच उत्तर आणावं लागतं. भारतातले आरंभीचे चित्रणकार सावेदादा यांनी 1901 मध्ये केंब्रिजहून परतलेल्या रँग्लर परांजपे यांच्या स्वागताचं चित्रण केलं. ती फीत आज उपलब्ध नाही. तिथे भलत्याच गर्दीचं दृश्य न चिकटवता परांजप्यांचं छायाचित्र दाखवावं आणि मूळ चित्रण हरवल्याचं प्रेक्षकाला स्पष्ट सांगावं, हा आग्रह संशोधकानेच धरायचा असतो, आणि निर्मात्याने तो मानायचा असतो.