निरागसतेचा संकेत आणि व्हिएन्नाच्या दोन मुली

निर्वासित बालकांच्या आत्मकथनांचा परामर्श घेताना ‘निरागसता’ हा शब्द समीक्षेत इतक्या सवयीने येतो की, तो लेखनाचे वर्णन करतो की वाचकाचे समाधान, हा प्रश्नच कोणी उपस्थित करीत नाही. नाझी छळातून वाचलेल्या ज्यू मुलांच्या बाबतीत तर हा संकेत विशेषच रूढ झालेला आहे. ॲन फ्रँकच्या दैनंदिनीच्या अफाट लोकप्रियतेने तो दृढ केला. त्या दैनंदिनीतली चिकित्सक, प्रसंगी बोचरे लिहिणारी मुलगी मात्र त्याच लोकप्रियतेखाली बरीचशी झाकली गेली. या संकेताची खरी परीक्षा व्हावयाची तर लोर सीगल (जन्म १९२८) आणि रूथ क्ल्यूगर (जन्म १९३१) या दोघींची पुस्तके शेजारी ठेवून वाचली पाहिजेत. दोघीही व्हिएन्नाच्या. एकीला आईबापांनी दूर धाडले, दुसरीला आईने सोडले नाही.

डिसेंबर १९३८ ते सप्टेंबर १९३९ या काळात सुमारे दहा हजार मुले, बहुतांश ज्यू, आईबापांवाचून इंग्लंडमध्ये आणली गेली. डिसेंबर १९३८ मध्ये व्हिएन्नाहून निघालेल्या अशा गाडीत दहा वर्षांची सीगल होती. ‘अदर पीपल्स हाउसेस’ (१९६४) ही तिची कृती कादंबरी म्हणून ओळखली जात असली, तरी तिचा कणा आत्मचरित्राचा आहे. निघताना मुलीच्या हट्टाखातर आई तिला सॉसेज घेऊन देते. मुलगी ते खात नाही, टाकूनही देत नाही. इंग्लंडच्या पूर्व किनाऱ्यावरील डोव्हरकोर्टच्या छावणीत ते सामानात कुजू लागते आणि त्या दुर्गंधीची लाज मुलीला घेरते. या प्रसंगातून कारुण्य पिळून काढणे सोपे होते. सीगल तसे करीत नाही. ती लाजेचाच हिशेब मांडते.

याच छावणीत पुस्तकातील सर्वांत महत्त्वाचा प्रसंग घडतो. आईवडिलांना सोडवून आणण्याची कामगिरी मुलीने स्वतःवर घेतली आहे. त्यासाठी ती पत्र लिहावयास बसते. बाहेर तिला बर्फाने माखलेला एक गुलाब दिसतो, आणि ही प्रतिमा पत्रात उपयोगी पडेल हे ती ताबडतोब ओळखते. पत्र निर्वासित समितीपर्यंत जाते. आईवडिलांना घरनोकरांचा परवाना मिळतो आणि मार्च १९३९ मध्ये, नेमके तिच्या वाढदिवशी, ते येऊन पोहोचतात. म्हणजे प्रतिमा सफल झाली. परंतु दुःख खरे असूनही त्याची मांडणी योजलेली होती, हे लेखिका विसरत नाही व वाचकालाही विसरू देत नाही. लेखनकलेचा जन्म येथे एका चतुराईतून होतो, आणि त्या चतुराईवर दोन जीव अवलंबून असतात. अशा मुलीला निरागस म्हणणे हा तिच्या बुद्धीचा अपमानच होय.

पुढील घरांचे चित्रण याच नजरेतून आले आहे. फर्निचरचा व्यवसाय करणारे धर्मनिष्ठ ज्यू कुटुंब, आगगाडीवर कोळसा घालणारा कामगार, दूधवाला, शेवटी दोन वृद्ध उच्चकुलीन स्त्रिया: आश्रयदाते बदलतात तशी मुलगी इंग्रजी समाजाच्या पायऱ्या चढत जाते. तिचे वडील मात्र बँकेतील हिशेबनीसाचे बटलर आणि माळी होतात. उपकार करणाऱ्यांचा चांगुलपणा सीगल नाकारत नाही. कृतज्ञता वाटत नाही, एवढेच सांगते. सांतो दोमिंगो व न्यूयॉर्क येथील उत्तरार्ध तुलनेने सैल आहे. परक्या घरांचा ताण संपताच निवेदनाचाही ताण ओसरतो.

क्ल्यूगरची वाट अगदी वेगळी. पॅलेस्टाइनला जाणाऱ्या मुलांच्या तुकडीत तिला घालण्याची सूचना व्हिएन्नात झाली होती. मुलाला आईपासून तोडू नये, असे म्हणून आईने ती फेटाळली. त्यानंतर थेरेझिएनस्टाट, आउशविट्झ, ख्रिस्टिआनस्टाट. ‘वाइटर लेबेन’ (१९९२) या ग्रंथात हा नकार मातृप्रेमाचे उदाहरण म्हणून येत नाही. सुटण्याची एक वाट होती आणि मुलीचे मत कोणी विचारले नाही, ही तक्रार वृद्धापकाळातही शमलेली नाही. आउशविट्झमधील पहिल्या रात्री आईने विजेच्या कुंपणाकडे जाण्याचे सुचविले, हेही ती लिहिते. त्याच आईने छावणीत एका अनाथ मुलीला पोटच्या पोरीसारखे जवळ केले, हेही लिहिते. दोहोंची बेरीज करून निकाल देण्याच्या फंदात ती पडत नाही.

१९४४ मधील निवडीचा प्रसंग या संदर्भात वाचावा. वय बारा, पहिल्या रांगेत ते खरे सांगून मुलगी नाकारली गेली. दुसऱ्या रांगेत, पंधरा सांग, असे टिपण घेणाऱ्या एका तरुण कैदी स्त्रीने तिच्या कानाशी सांगितले आणि अधिकाऱ्यापुढे तिची तरफदारीही केली. आईचाही सल्ला हाच होता. तो मुलीने मानला नव्हता, अनोळखी स्त्रीचा मानला. या कृत्याला क्ल्यूगर चमत्कार म्हणत नाही. जेथे प्रत्येक गोष्टीला सक्तीचे कारण होते तेथे कोणतेही कारण नसताना केलेली ही निवड, म्हणून ती तिला स्वातंत्र्याचे कृत्य मानते. हे विवेचन पुस्तकाचा गाभा होय. कथा थांबवून वाद घालण्याची तिची सवय काहींना रसभंग करणारी वाटेल. परंतु वाचकाला डोळे टिपू न देणे हाच तिचा हेतू असल्याने तो दोष म्हणता येत नाही. सीगल हेच काम विनोदाने करते, आणि कदाचित अधिक सहजतेने.

जर्मन ग्रंथ क्ल्यूगरने गटिंगेनमधील मित्रांना अर्पण केला. तेथेच १९८८ मध्ये सायकलस्वाराच्या धडकेने ती जबर जखमी झाली आणि त्या आजारपणातून हे लेखन सुरू झाले. इंग्रजी आवृत्ती मात्र आईच्या हयातीत निघू द्यावयाची नाही, असे तिने ठरविले होते. आई २००० मध्ये वारली. ‘स्टिल अलाइव्ह’ २००१ मध्ये आले, आणि ते भाषांतर नसून लेखिकेने स्वतः नव्याने लिहिलेले दुसरे पुस्तक आहे. दोन्ही आवृत्त्यांतील आईची चित्रे ताडून पाहण्याचे काम अभ्यासकांनी अवश्य करावे.