वाजिब-उल-अर्ज : अर्धंच पाठ झालेलं वाक्य

मागच्या पावसाळ्यात, ऐन रोवणीत, बाबांचा फोन आला. आमच्या बांध्या तलावाच्या पाटाच्या अगदी शेवटी आहेत. पाऊस दडी मारून बसला होता आणि वरच्या बांध्यांतून पाणी खाली सुटत नव्हतं. "रेकॉर्डातून जुन्या कागदाची नक्कल काढली. त्यात आपला हक्क लिहून आहे. तू इंजिनियर आहेस ना, वाच मंग," ते म्हणाले. पाठोपाठ व्हॉट्सॲपवर नऊ फोटो आले. पुण्यातल्या खोलीत ते झूम करून वाचण्यात माझे दोन रविवार गेले.

हा कागद म्हणजे वाजिब-उल-अर्ज. नाव परकं वाटतं, पण त्यातले दोन्ही शब्द आपल्या तोंडी रोज असतात. 'वाजिब'वरून आपलं 'वाजवी' आलं, आणि 'अर्ज' तर आपण शाळेपासून लिहितो. १८५३मध्ये नागपूरचं राज्य इंग्रजांनी खालसा केलं. पुढे १८६१मध्ये मध्य प्रांत झाला आणि जमाबंदी करताना गावोगावच्या मालगुजारांना गावाचे मालक ठरवलं गेलं. मालक ठरवला की बाकीच्यांचं काय, हा प्रश्न येतोच. सरपण कुठून आणायचं, गुरं कुठे चारायची, तलावाचं पाणी कोणाला किती, मासे कोणी धरायचे? याबद्दल गावात चालत आलेली वहिवाट ज्या कागदात उतरवली, तो हा.

मी तो वाङ्मय म्हणून वाचायला बसलो नव्हतो. पण तिसऱ्या फोटोपर्यंत एक गोष्ट खटकू लागली. या कागदात कोणी बोलतच नाही. सगळी वाक्यं 'अशी चाल आहे' या घाटाची. चाल कोणी पाडली, कोणाला ती मान्य नव्हती, याचा पत्ता नाही. मालगुजार आहे, रयत आहे, पण रयतेतल्या माणसांना नावं नाहीत. ज्यांनी तलाव बांधले त्या कोहळ्यांचं कसब नाही, ढिवरांचा आवाज नाही आणि बाई तर कुठेच नाही. रोवणी जिच्या कंबरेवर उभी असते, ती या कागदात मजूर म्हणूनसुद्धा येत नाही.

शेजारी मराठेशाहीतला महजर ठेवून बघा. वि. का. राजवाड्यांनी १८९८पासून 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने'चे खंड छापले. त्यांत आणि नंतरच्या संग्रहांत असे कागद भरपूर सापडतात. वतनाचा तंटा गोतसभेपुढे येतो. वादी-प्रतिवादी आपापली कहाणी सांगतात आणि तिला 'करीना' म्हणतात. बापजाद्यांपासून सुरुवात, मधे दुष्काळ, परागंदा होणं, भाऊबंदांची दगाबाजी. शेवटी साक्षीदार, आणि सही न येणाऱ्या कुणब्याच्या नावापुढे नांगराची निशाणी. महजर काही न्यायाचा सुवर्णकाळ नव्हे. गोतात कोण बसणार हे जातीनंच ठरायचं. पण तिथे माणसं भांडताना ऐकू येतात. वाजिब-उल-अर्जात भांडण मिटल्यानंतरची शांतता आहे, आणि ती कोणी मिटवली ते दिसत नाही.

आमच्या धंद्यात याला फार वाईट डॉक्युमेंटेशन म्हणतात. सिस्टीम कशी चालते ते लिहिलंय, अशी का केली ते नाही.

तरीही हा कागद मी फेकून देणार नाही, आणि याचं कारण सातव्या फोटोत आहे. तलावाखालच्या बांध्यांना पाण्याचा वेगळा आकार घ्यायचा नाही, असं तिथे आहे. हेच बाबांना पाठ होतं, त्यांच्या वडिलांनाही होतं. आमच्या भागात 'पाणी फुकट' हे असं पिढ्यानपिढ्या चालत आलंय. पण वाक्य तिथे संपत नाही. त्याच दमात पुढे येतं की पाळ फुटली, गाळ साचला, तर दुरुस्तीला रयतेनं अंगमेहनत द्यायची. पाणी कमी असलं तर पाणकर ठरवेल त्या पाळीनं सगळ्यांनी घ्यायचं. म्हणजे पाणी फुकट कधीच नव्हतं. त्याची किंमत पैशात नव्हती, एवढंच. त्या मेहनतीत बेगार किती आणि राजीखुशी किती, हे कागद सांगत नाही. तिथे पुन्हा त्याची शांतता आडवी येते.

३१ मार्च १९५१ला मालगुजारी संपली आणि तलाव सरकारचे झाले. योग्यच झालं. पण मालगुजाराबरोबर पाणकर गेला, पाळीवरची मेहनत गेली आणि गाळ राहिला. वाक्याचा पहिला अर्धा भाग आम्ही हक्क म्हणून जपला, दुसरा सरकारचं काम म्हणून सोडून दिला.

हा कागद मेलेला नाही. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६मध्ये कलम १६१ निस्तारपत्रकाचं आहे आणि १६५ वाजिब-उल-अर्जाचं. सिंचनाची, वाटेची, मासेमारीची वहिवाट जिल्हाधिकाऱ्यानं नोंदवायची, आणि नोंद पटली नाही तर प्रसिद्धीपासून वर्षभरात दिवाणी दावा लावता येतो. या शेवटच्या तरतुदीत मला महजराची धुगधुगी दिसते. निदान 'मला हे मान्य नाही' म्हणायला जागा ठेवली आहे.

मी बाबांना फोन करून दोन्ही अर्धे वाचून दाखवले. कागदानं ते जिंकणार नव्हते. वरच्या बांधीवाले काकाही नाही. बराच वेळ फोनवर नुसता पंख्याचा आवाज येत राहिला.

मग ते म्हणाले, "पाळीच्या कामाचं लिहून आहे ते पुन्हा वाच बरं. हळू वाच. काकाले बोलावतो."