‘नाळ’ : सांगायचं राहून गेलेलं दत्तक

आज एकच चित्रपट घेऊ. ‘नाळ’. २०१८ सालचा, सुधाकर रेड्डी यक्कंटी यांनी दिग्दर्शित केलेला. तुमच्यापैकी पुष्कळांनी तो पाहिला असेल आणि त्यातला चैत्याच आधी आठवत असेल. श्रीनिवास पोकळेनं काम केलंयच तसं. गोष्ट दोन ओळींची. गावात हुंदडणाऱ्या पोराला मामाकडून कळतं, की जिला तू आई म्हणतोस तिनं तुला जन्म दिलेला नाही. तिथून पुढे घरातली रोजची बोलणी, रोजची माया, सगळंच त्याला संशयाचं वाटू लागतं. रागावली, तर ती सावत्र म्हणून रागावली. लाड केले, तर तेही लपवण्यासाठीच केले असतील!

इथपर्यंत आमची काहीच तक्रार नाही. दत्तक मुलाच्या मनात काय चालतं, हे मराठी पडद्यानं इतक्या जवळून फारसं पाहिलेलं नाही. देविका दफ्तरदारांची आई त्यागमूर्ती नाही. कामात असलेली, कधी वैतागणारी, साधी बाई आहे. म्हणूनच मुलाचा संशय आपल्याला टोचतो.

तक्रार आहे ती वेगळी. मामा बोलून गेला, हा चित्रपटात एक अपघात आहे. पण आईबापांनी इतकी वर्षं का सांगितलं नाही, हा प्रश्न चित्रपट ऐरणीवर आणतच नाही. जणू न सांगणं ही हवापाण्यासारखी गोष्ट. शेवटाकडे आजी जाते, जन्मदात्री घरी येते, आणि मुलगा तिच्या नजरेत भरावं म्हणून धडपडतो. आपण रडतो. रडतो, त्यामुळे मोठ्यांचा हिशेब मागायचं राहून जातं.

प्रेक्षक म्हणून आपल्यालाही ही गप्प बसण्याची रीत खटकत नाही, कारण आपण तिला परंपरा समजतो. ती परंपरा आहे का? आमच्या मते नाही. आपल्याकडचं जुनं दत्तक आठवा. १८७५ साली जमनाबाईंनी नाशिककडच्या कवळाण्याचा गोपाळ बडोद्याला दत्तक घेतला, तेव्हा तो बारा वर्षांचा होता. पुढे तो सयाजीराव झाला; पण कवळाण्याचा होता हे कुणी लपवलं नाही. कागलच्या घाटग्यांचा यशवंत १८८४ साली कोल्हापूरच्या गादीवर आला, शाहू महाराज झाला. तेही सगळ्या दुनियेला ठाऊक. ताई महाराज प्रकरणात तर लोकमान्य टिळक वर्षानुवर्षं कोर्टात अडकले. १९०१ साली औरंगाबादला जगन्नाथ महाराजांचं देणं-घेणं खरोखर झालं की नाही, हा त्यातला कळीचा मुद्दा. निकाल प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेला, १९१५ साली लागला. म्हणजे दत्तकाला साक्षीदार लागायचे. चारचौघांत झालं नाही, तर ते झालंच नाही! १९५६ च्या हिंदू दत्तक कायद्यातही प्रत्यक्ष देणं आणि घेणं ही अट आहेच.

अर्थात त्या उघडेपणाचं फार कौतुक नको. तो गादीसाठी आणि इस्टेटीसाठी होता, मुलासाठी नव्हे. ‘दत्तक’ म्हणजे दिलेला. त्याला काय हवं, हे शब्दातच नाही. पण लपवाछपवी मात्र आपली, मध्यमवर्गाची. वांझपणाची लाज, शेजाऱ्यांचं कुजबुजणं, ‘पोराला वाईट वाटेल’ ही सबब. यात मुलाला न सांगता त्याचं आयुष्य मोठ्यांच्या सोयीनं रचलं जातं, आणि एक दिवस कुणीतरी मामा बोलून जातो.

कायदा इथे चित्रपटाच्या पुढे गेलाय. २०१५ च्या बालन्याय कायद्यानुसार दत्तकाचा आदेश देताना मुलाचं वय आणि समज बघून त्याची इच्छा विचारात घ्यावी लागते. मोठेपणी आपलं मूळ शोधण्याची सोयही दत्तकाच्या नियमांत आहे. याच कायद्यात फॉस्टर केअरही आहे: मूल काही काळ दुसऱ्या कुटुंबात राहतं, जन्माचं नातं तुटत नाही. तिथे लपवणं शक्यच नसतं, कारण परतायचं घर असू शकतं. या व्यवस्थेला आपल्या बोलीत घरगुती शब्द नाही, आणि तिच्यावरचा मराठी चित्रपट तर आमच्या पाहण्यात नाही. एका मुलाला दोन घरं असू शकतात, हे आपल्या गोष्टींना पचत नाही. ‘खरी आई कोणती?’ असंच आपण विचारतो. ‘नाळ’ हे नावसुद्धा तेच विचारतं, आणि उत्तर शरीरात शोधतं. चैत्याला मात्र दोघी हव्या आहेत. चित्रपटापेक्षा तो शहाणा आहे, असं आम्हाला वाटतं.

२०२३ च्या दुसऱ्या भागात तो जन्मदात्रीच्या गावी जातो, तिथे त्याला धाकटी बहीण भेटते. तो भाग पुढच्या वेळी घेऊ. आता तुमचे प्रश्न.