नामकोशांतील नामार्थ

घरात पाळणा हलू लागला की नामसूचींची शोधाशोध सुरू होते. हजारो नावे अर्थांसह देण्याचे आश्वासन देणाऱ्या पुस्तिका आज विपुल आहेत. त्यांतील एक शब्द माणसाला जन्मभर वागवावा लागतो. तथापि या पुस्तिकांची परीक्षा सहसा कोणी करीत नाही. इतर वाङ्मयाप्रमाणे त्यांनाही कसोटी लावणे अवश्य आहे.

पहिली कसोटी सत्याची. 'आरव' या सध्या लोकप्रिय असलेल्या नावाचा अर्थ अनेक सूचींत 'शांत' असा आढळतो. वस्तुतः संस्कृतात आरव म्हणजे ध्वनी, आक्रोश. येथे अर्थ नुसता चुकला नाही, तो उलटा झाला आहे. 'रेयांश' म्हणजे सूर्यकिरणाचा अंश, असे सांगतात. पण 'रेय' असा किरणवाचक शब्द संस्कृतात नाही. नवे नाव घडविण्यास कोणाची हरकत असू नये. आक्षेप आहे तो आजची टांकसाळ लपवून नाणे प्राचीन म्हणून खपविण्याला.

दुसरा दोष, प्रत्येक नाव संस्कृतातूनच काढण्याचा अट्टाहास. 'विठ्ठल' हे नाव विष्णूच्या कानडी रूपातून आले असावे, असे डॉ. रामकृष्ण गोपाळ भांडारकरांचे मत होते. होयसळ राजा बिट्टिदेव पुढे विष्णुवर्धन म्हणून ओळखला गेला, हे या संदर्भात लक्षात घेण्यासारखे आहे. ग्वाल्हेरच्या दौलतराव शिंद्यांच्या नावातील 'दौलत' अरबी आहे. मालोजी भोसल्यांनी नगरच्या शाह शरीफ पिराला नवस केला व म्हणून पुत्रांची नावे शहाजी व शरीफजी ठेवली, अशी परंपरा आहे. या नावांनी कोणाचा धर्म उणावला नाही. बेळगाव, ग्वाल्हेर वा हैदराबाद येथे पिढ्यानपिढ्या नांदणाऱ्या मराठी माणसाला तरी हे वेगळे सांगावयास नको.

तिसरा दोष अधिक गंभीर आहे, कारण तो स्मृतीशी निगडित आहे. 'मंगेश' म्हणजे 'मंगलाचा ईश' अशी सुटसुटीत फोड केली तर व्याकरण आडवे येते. मंगल आणि ईश यांचा संधी 'मंगलेश' असा होईल. आपली परंपरा वेगळे सांगते. वाघाचे रूप घेतलेल्या शंकराला पाहून भ्यालेल्या पार्वतीच्या मुखातून गिरीशाचा धावा निघाला, व त्यातील 'मां गिरीश' या शब्दांचे मांगिरीश, मंगेश झाले. भाषाशास्त्र ही व्युत्पत्ती मान्य करो वा न करो, नाव ठेवणाऱ्याच्या मनात हीच कथा असते. शिवाय या नावाला इतिहास आहे. 1560 साली कुठ्ठाळीहून हा देव झुआरी ओलांडून, त्या वेळी पोर्तुगीज सत्तेबाहेर असलेल्या प्रियोळ गावी नेण्यात आला. केळशीची शांतादुर्गाही अशीच कवळ्यास आली. मूळची देवळे गेली, गाव सुटले. पण मंगेश व शांता या नावांनी कुळांनी आपले दैवत घरात राखले. 'मंगलाचा ईश' एवढ्या दोन शब्दांत हे सारे बुडून जाते.

शास्त्राधार सांगणाऱ्यांनी शास्त्रही पुरते वाचलेले नसते. पारस्कर गृह्यसूत्रात मुलाचे नाव दोन वा चार अक्षरांचे व मुलीचे विषम अक्षरांचे असावे, असा विधी आहे. मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात नक्षत्र, वृक्ष, नदी यांचे नाव असलेली वधू वर्ज्य ठरविली आहे. तरीही आपल्या घरांत रोहिणी, तुळसा, गोदावरी, नर्मदा सुखाने वाढल्या व सुना म्हणून मानाने आल्या. लोकांच्या प्रेमाने येथे वचनाला मागे सारले, आणि ते योग्यच झाले.

याच लोकरीतीची काळी बाजूही कोशाने झाकू नये. जगलेल्या लेकराला दृष्ट लागू नये म्हणून धोंडू, केरू, दगडू म्हणण्यात माया होती. महर्षी धोंडो केशव कर्व्यांचे नाव त्याच घडणीचे आहे. परंतु 'नकोशी' या नावात माया नव्हती. 2011 साली सातारा जिल्ह्यात 285 'नकोशीं'ना समारंभपूर्वक नवी नावे देण्यात आली. त्या मुलींना आपल्या नावाचा अर्थ पाहण्यासाठी कोणताही कोश उघडावा लागला नव्हता.

चांगला नामकोश रचावयाचा तर प्रत्येक नावापुढे तीन गोष्टी हव्यात: शब्द कोणत्या भाषेचा, तो कोणत्या दैवताशी वा रीतीशी जोडलेला, आणि अर्थ निश्चित आहे की केवळ परंपरागत. असा कोश शहरी प्रकाशकाच्या मेजावर तयार होणार नाही. सांतेरी, म्हाळसा, रवळनाथ, नागेश या दैवतांवरून पडलेली नावे देवस्थानांच्या जुन्या वह्यांत आणि वृद्धांच्या जिभेवर आहेत. वह्यांना कसर लागते, वृद्ध निघून जातात. म्हणून पुढच्या बारशाला सूची उघडण्याआधी घरातील आजीला विचारावे, आणि ती जे सांगेल ते लिहून ठेवावे.